देव कुठल्या रकान्यात लिहू?

प्रति,
सिंहस्थाचं नियोजन करणारे सन्माननीय अधिकारी, लोकप्रतिनिधी आणि आखाड्यांचे महंत,
नाशिक व त्र्यंबकेश्वर

विषय : तपोवनातली झाडं, रामकुंडाचा तळ आणि जुन्या सरकारचे रकाने

महोदय आणि महंतजी,

मी पंचवटीतला. जमिनी मोजण्यात तीसेक वर्षं गेली. नोकरीला लागलो तेव्हा साखळी आणि प्लेन टेबल होतं, निवृत्त झालो तेव्हा उपग्रहावरून मोजणारा रोव्हर आला होता. आता मोजायला काही उरलेलं नाही, म्हणून सकाळी तपोवनात फिरायला जातो. सिंहस्थ कुंभमेळ्यात साधूंच्या मुक्कामासाठी उभारायच्या साधुग्रामसाठी तिथली झाडं काढायची बातमी आली, त्यांवर खुणा पडल्याचं कळलं, आणि मला माझीच एक जुनी चूक आठवली. तिथूनच सुरुवात करतो.

पेठ तालुक्यातल्या एका पाड्यावर मोजणी होती. शेताच्या वरच्या अंगाला, उतारावर दीड-दोन एकरांची दाट राई. आंबा, हिरडा, बेहडा, उंबर आणि त्यांच्यावर चढलेल्या मनगटाएवढ्या वेली. मधोमध शेंदूर फासलेला दगड, त्यावर कोरलेला वाघ, वर चंद्र-सूर्य. वाघदेव. वाघबारशीला अख्खा पाडा तिथे जमतो, एरवी आतली वाळकी काटकीसुद्धा कुणी उचलत नाही. राईच्या पायथ्याशी झरा, आणि उन्हाळ्यात पाड्याला पाणी त्याच झऱ्याचं. मी टेबल मांडलं, हद्द घेतली, क्षेत्र काढलं. बरोबर चालणारा म्हातारा बराच वेळ कागदाकडे बघत होता. म्हणाला, "साहेब, आमचा देव कुठल्या रकान्यात लिवला?" मी म्हटलं, "बाबा, देवाला रकाना नसतो." आणि राईचं क्षेत्र पोटखराब्यात टाकलं.

ज्यांचा सातबाऱ्याशी संबंध फ्लॅट घेण्यापुरता, त्यांच्यासाठी सांगतो. पोटखराबा म्हणजे शेताच्या पोटातली अशी जागा, जिथे पीक येत नाही म्हणून आकार, म्हणजे सारा, बसत नाही. खडक, नाला, पायवाट, मसणवट. ज्या झऱ्यावर पाडा जगत होता तो झरा आणि त्याला धरून ठेवणारी राई, दोन्ही कागदावर 'खराब' झाली. मी नियमाबाहेर काही केलं नव्हतं. नियम कुठून आला हा प्रश्न मला पडला तो निवृत्तीनंतर.

इंग्रजांनी आपल्या भागात पद्धतशीर मोजणी सुरू केली ती १८३६ च्या सुमारास, इंदापुरात. गोल्डस्मिड आणि विंगेट ही त्या कामातली नावं. साखळी ३३ फुटांची, तिचे सोळा भाग, आणि त्या भागांना म्हणायचं आणे. साखळीभर लांब आणि साखळीभर रुंद तुकडा म्हणजे एक गुंठा. आज ज्या गुंठ्याच्या भावावरून सख्खे भाऊ कोर्टाच्या पायऱ्या चढतात तो गुंठा हाच. मापाला माझं नाव ठेवणं नाही, माझं घर त्यावरच चाललं. पण ती मोजणी सारा बसवण्यासाठी होती. जमिनीला विचारायचा प्रश्न एकच, तुझ्यातून काय निघेल? जो हे काढून घेणार तो कलेक्टर. आपण त्याला जिल्हाधिकारी म्हणायला लागलो त्याला जमाना झाला, लोक अजून कलेक्टर कचेरीच म्हणतात.

आता मुद्द्यावर येतो. सत्तावन्नचं बंड शमल्यावर १ नोव्हेंबर १८५८ ला राणीचा जाहीरनामा निघाला. प्रजेच्या धर्मात सरकार हात घालणार नाही, असं वचन त्यात होतं. सातच वर्षांनी, १८६५ मध्ये, पहिला जंगल कायदा आला. त्याच वर्षी रेल्वे थळ घाट चढून इगतपुरीला पोहोचली. रुळांखाली घालायला लाकडाचे स्लीपर हवे होते, आणि सुरगाण्याला लागून असलेल्या डांगातली सागाची जंगलं ईस्ट इंडिया कंपनीने तिथल्या भिल्ल राजांकडून १८४२ मध्येच पट्ट्याने घेऊन ठेवली होती. मग १८७८ च्या कायद्याने 'राखीव' आणि 'संरक्षित' या चौकटी पक्क्या केल्या.

धर्मात हात घालणार नाही म्हणायचं आणि डोंगरच्या डोंगर ताब्यात घ्यायचे, यात सरकारला काही विसंगत वाटलं नाही. कारण धर्म म्हणजे काय, हे त्याने स्वतःच ठरवून टाकलं होतं. देऊळ, मूर्ती, सण, लग्न, वारसा, एवढा धर्म. साहेबाच्या देशात धर्म चर्चच्या चार भिंतींत आणि एका ग्रंथात राहत होता, तोच साचा त्याने इथे लावला. डोंगराला देव म्हणत असतील, नदीला आई म्हणत असतील, तर ती रयतेची समजूत. हिशेबाला डोंगर फॉरेस्टचा, नदी इरिगेशनची आणि वाघ शिकारीचा. वाघदेवाचा दगड त्याने जागचा हलवला नाही, वचन पाळलं. दगडाभोवतीचं रान तेवढं खात्यात जमा करून घेतलं.

देव एका खात्यात आणि त्याचं रान दुसऱ्या खात्यात, ही वाटणी तेव्हा झाली. धर्माचा जप करणारं आणि विकासाचा जप करणारं, आपलं दोन्ही राजकारण आजही त्याच वाटणीवर चाललेलं आहे, एवढंच मला तुम्हाला सांगायचं आहे.

इंग्रजांनी नुसती कुऱ्हाड चालवली, असं म्हटलं तर ते खोटं होईल. झाडं गेली की पाऊस हटतो, झरे आटतात, ही धास्ती त्यांच्याच डॉक्टरांनी कागदावर आणली. १८४७ मध्ये मुंबई इलाख्यात जंगलांवर नेमलेला अलेक्झांडर गिब्सन हा मुळात डॉक्टर. १८६४ मध्ये हिंदुस्थानच्या जंगल खात्याचा पहिला मुख्य झाला तो डीट्रिश ब्रँडिस, जर्मन माणूस. पुढे अमेरिकेचं जंगल खातं उभं करणाऱ्या गिफर्ड पिंचोनेही या ब्रँडिसकडून सल्ला घेतला. म्हणजे ब्रह्मदेशातल्या आणि आपल्याकडच्या सागावर हात बसवून तयार झालेला विचार जगभर फिरला. तो विचार असा: जंगल ही सरकारी ठेव आहे, ती मोजून तोडायची, मोजून लावायची, आणि त्यात राहणाऱ्या माणसापासून तिला वाचवायचं. जंगल वाचवायला निघालेला माणूस आणि जंगल विकायला निघालेला माणूस एकाच कचेरीत बसले, आणि दोघांनीही पाड्यावरच्या म्हाताऱ्याला दाराबाहेर उभं केलं.

आपल्याकडे हे पहिल्यांदा नीट ओळखलं जोतिराव फुल्यांनी. डोंगर, दऱ्याखोरी, पडीक जमिनी आणि गायरानंसुद्धा फॉरेस्ट खात्यात घातली, गरीब शेतकऱ्याच्या शेरडाकरडांना जागा ठेवली नाही, हे त्यांनी १८८३ साली लिहिलं. आणि त्याच लिखाणात धर्माच्या नावाने शेतकऱ्याला जन्मापासून मरणापर्यंत नाडणाऱ्यांचाही हिशेब मांडला. सरकार आणि भटशाही, एका लेखणीने दोघांना. आज आपण फुल्यांच्या फोटोला हार घालतो आणि त्यांच्या वाक्याचा अर्धाच भाग वाचतो. कुणी सरकारवाला अर्धा, कुणी धर्मवाला अर्धा.

१९६७ साली लिन व्हाइट नावाच्या अमेरिकन इतिहासकाराने म्हटलं की निसर्गाच्या नाशाचं मूळ त्यांच्या ख्रिस्ती परंपरेत आहे, सृष्टी माणसासाठी निर्माण केली, या समजुतीत. आपल्या व्यासपीठांवर हे फार आवडीने सांगतात. बघा, त्यांच्या धर्माने निसर्ग बुडवला, आमचा धर्म नदीला माता म्हणतो. मग माझ्यासारखा माणूस विचारतो की माता म्हणणाऱ्यांच्या गावात गोदावरीवर पाणवेलींची गादी का पसरलेली असते? गोदावरीला मिळणाऱ्या नासर्डीत काय वाहतं ते नाक असलेल्या कुणालाही सांगावं लागत नाही. (गावाचं नावच नासिकेवरून आहे म्हणतात, त्याचा एवढा उपयोग व्हावा.)

आणि नदीला, तळ्याला पवित्र मानलं म्हणून ती सगळ्यांची झाली असंही नाही. महाडचं चवदार तळं १९२७ मध्ये सत्याग्रह करून शिवावं लागलं. इथे काळाराम मंदिराच्या दारात २ मार्च १९३० ला बाबासाहेबांनी सत्याग्रह सुरू केला, तो पुढे काही वर्षं चालला आणि दार उघडलं नाही. राम वनवासात ज्या पंचवटीत राहिला म्हणतो तिथे माणसांना रामापासून अडवलं. तेव्हा आमची परंपरा निसर्गपूजक आहे, हे वाक्य नाशिकमध्ये तरी थोडं दबक्या आवाजात बोलावं. राई जपली ती पेठ-सुरगाण्याच्या पाड्यांनी, आणि त्यांची परंपरा आपण परवापरवापर्यंत आपली मानत नव्हतो.

वाटणी किती पक्की झाली त्याचा एक दाखला देतो. १९२५ साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे तेव्हाच्या शेवटच्या अपील कोर्टाने, निकाल दिला की देवाची मूर्ती ही कायद्याने व्यक्ती आहे, तिचं हित स्वतंत्रपणे मांडता आलं पाहिजे. तेव्हा मूर्तीच्या नावे जमीन असते, मूर्तीतर्फे दावा लावता येतो. २०१७ मध्ये उत्तराखंडच्या उच्च न्यायालयाने गंगा-यमुनेलाही तसाच दर्जा दिला, तर काही महिन्यांत सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली. मूर्ती कोर्टात येऊ शकते, नदीने बाहेर थांबायचं.

आता सिंहस्थ. तारखा जाहीर झाल्या आहेत, ३१ ऑक्टोबर २०२६ ला ध्वजारोहण, २ ऑगस्ट २०२७ ला पहिलं मोठं स्नान. त्याला पूर्वी शाही स्नान म्हणायचे. शाही हा शब्द फारसी, बादशाहीचा म्हणून तो काढून आता अमृत स्नान म्हणायचं ठरलं. हरकत नाही, शब्द बदलले की कान स्वच्छ होतात. पण मग 'सार्वजनिक प्रयोजन'ही त्याच रांगेत आहे ना? तो शब्द १८९४ च्या भूसंपादन कायद्यातला, आणि तो कायदा रद्द होऊन नवा आला तरी शब्द तसाच चालत आला. 'राखीव' हा शब्द, 'खराबा' हा शब्द. मोगलांचा एक शब्द काढायला आपण वर्षानुवर्षं भाषणं केली, आणि व्हिक्टोरियाचे शब्द रोज टाइप करतो.

२०२५ च्या नोव्हेंबरात साधुग्रामसाठी तपोवनातली सतराशे-अठराशे झाडं काढायचा प्रस्ताव पुढे आला. हरकती मागवल्या, लोक झाडांना बिलगले. त्यानंतर जे बोललं गेलं ते तुम्हीही ऐकलं आहे. एक बाजू म्हणाली, झाडांचं प्रेम बकरी ईदला कुठे जातं? दुसऱ्या बाजूचे काही म्हणाले, साधूंचे लाड कशाला? झाडांच्या प्रश्नावर दोन दिवसांत हिंदू-मुसलमान झालं, आणि बारा वर्षांनी येणारे साधू उगाच आरोपी झाले. मग समजुतीची भाषा आली. एकाच्या बदल्यात दहा लावू. मोठी झाडं राजमहेंद्रीहून आणू. राजमहेंद्री गोदावरीच्या दुसऱ्या टोकाला, तेव्हा नातं आहेच, पण तिथल्या नर्सरीतलं झाड इथल्या खडकावरच्या मातीला ओळखत नाही. आणि बदल्यात लावण्याचा हा हिशेब कुणाचा? ब्रँडिससाहेबांचाच. झाड म्हणजे नग, नगाला नग. २०२१ च्या दुरुस्तीनंतर आपला वृक्षकायदाही म्हणतो की झाडाचं जितकं वय तितकी रोपं लावा. साठ वर्षांच्या चिंचेबदली साठ काड्या. चिंचेच्या ढोलीतल्या पिंगळ्यासाठी रकाना नाही, पुन्हा तेच.

महंतजी, तुम्हाला एक सरळ विचारतो. तंबूला सपाट मैदानच हवं, असं तुम्ही कुणाला सांगितलं होतं का? तपोवनात मुक्काम करायचा तर झाडाखाली करायचा, हे तुमच्याइतकं दुसऱ्या कुणाला कळणार? तुमच्या नावाने जे मागितलं जातं, ते तुम्ही मागितलेलं आहे का, हे एकदा जाहीर सांगा. तेरा आखाडे आहेत तुमचे. कुणी आधी उतरायचं यावरून झालेल्या भांडणात पेशवाईला मध्ये पडावं लागलं, आणि शैवांनी त्र्यंबकला, वैष्णवांनी नाशकात उतरायचं, ही वहिवाट आजही चालते. स्नानाचा क्रम एवढा जपला, तसा पाण्याचाही एखादा हट्ट धरा.

कारण पाण्याचं काय झालं ते रामकुंडावर दिसतं. २००३ च्या सिंहस्थाआधी कुंडांचे तळ काँक्रीटने झाकले. तळाचे जिवंत झरे बंद झाले, वर धरणाचं पाणी सोडून कुंड भरायचं. २०१५ च्या सिंहस्थात मराठवाडा दुष्काळात होरपळत असताना स्नानासाठी धरणातून पाणी सोडलं, तेव्हा उच्च न्यायालयाला त्यावर बोलावं लागलं. माझी आई रोज पहाटे "गंगेवर जाऊन येते" म्हणून निघायची. त्या गंगेला स्वतःचं पाणी होतं. दर दोन-चार वर्षांनी जायकवाडीला पाणी सोडायची वेळ आली की आपलेच पुढारी छाती पुढे काढून म्हणतात, एक थेंब देणार नाही. तीच गोदावरी पैठणला पोहोचली की आपली आई राहत नाही, असं दिसतं.

नांदूरमधमेश्वरचा बंधाराही इंग्रजांच्या काळातला, कालव्यासाठी बांधलेला. गाळ साचला, गवत आलं, पक्षी आले, आणि २०२० मध्ये महाराष्ट्रातली पहिली रामसर, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची, पाणथळ म्हणून त्याचं नाव लागलं. साहेबाने पाण्यासाठी बांधलं, पाखरांनी आपलं केलं, कुणाच्याच आराखड्यात नव्हतं. जानेवारीत जाऊन या, दुर्बीण नसली तरी चालेल.

आता पांडवलेण्यांकडे चला. साम्राज्य म्हटलं की लुटणारच असं मी मानत नाही, ते या लेण्यांमुळे. तिथल्या दहाव्या लेण्यात क्षहरात घराण्यातल्या नहपान राजाचा जावई उषवदात याचा लेख आहे. हा परका शक, राज्यकर्त्या घरातला. लेण्यातल्या भिक्षूंच्या अन्नासाठी त्याला शेत द्यायचं होतं. त्याने ते अश्विभूती नावाच्या ब्राह्मणाकडून चार हजार कार्षापणांना विकत घेतलं, आणि किंमत, विकणाऱ्याचं नाव, शेत शहराच्या कोणत्या बाजूला आहे, हे सगळं दगडात कोरलं. सर्व्हेअर म्हणून सांगतो, इतकी स्वच्छ खरेदीखतं मी फार थोडी पाहिली. राजाच्या जावयाने धर्मकार्यासाठी जमीन पैसे मोजून घेतली. 'सार्वजनिक प्रयोजन' म्हणून उचलली नाही.

त्याहून मला आवडतो तो तिसऱ्या लेण्यातला लेख. गौतमीपुत्र सातकर्णीने राज्याच्या अठराव्या वर्षी गोवर्धनच्या अमात्याला हुकूम पाठवला, ककडी गावचं दोनशे निवर्तनं (हे तेव्हाचं जमिनीचं माप) शेत भिक्षूंना द्या. चोविसाव्या वर्षी दुसरा हुकूम: आम्ही दिलेलं शेत कसलं जात नाही, ते गावही वस्तीला उरलेलं नाही, तेव्हा आता शहराच्या हद्दीवरची आमची स्वतःची शंभर निवर्तनं द्या. एवढा मोठा राजा, क्षहरातांचा नाश केला म्हणून त्याच्या आईने गौरवलेला, आणि त्याने सहा वर्षांत आपला हुकूम चुकला असं मान्य करून, चुकीचं कारण देऊन, दुरुस्ती दगडावर लिहवली. मी सेवेत असताना शुद्धिपत्रकासाठी लोकांचे किती हेलपाटे होत ते आठवलं की हा लेख वाचून आजही हसू येतं.

तर माझ्या मागण्या याच धाटणीच्या आहेत, दुरुस्तीच्या.

तपोवनात आधी झाडं नकाशावर घ्या, मग तंबू. मोजणीत आम्ही पक्क्या खुणा आधी धरतो, विहीर, देऊळ, जुना वड, आणि बाकीच्या हद्दी त्यांवरून काढतो. तुमच्या आराखड्यात प्लॉट आधी आखलेले दिसतात आणि झाडं त्यांना आडवी आलेली. ही मोजणीची उलटी रीत आहे, कुठलाही जुना सर्व्हेअर सांगेल.

ब्रह्मगिरीपासून नांदूरमधमेश्वरपर्यंत एकच नकाशा करा. त्यात घाट, कुंडं, झरे, अरुणा-वरुणा, कपिला, वाघाडी, नासर्डी, गटारांची तोंडं आणि वरच्या डोंगरातल्या देवराया एकत्र येऊ द्या. आज हे सगळं वेगवेगळ्या खात्यांच्या वेगवेगळ्या कपाटांत आहे, आणि एकाची किल्ली दुसऱ्याकडे नाही. रामकुंडाच्या तळाचा एखादा कोपरा तरी उघडून बघा, खाली झरा अजून जिवंत आहे का.

आणि शेवटचं, पेठचं. मार्च २०१८ मध्ये वनहक्कांसाठी नाशिकहून मुंबईपर्यंत चालत गेलेल्यांत पेठ-सुरगाण्याकडची माणसं होती. रस्त्याच्या कडेला उभा राहून मी कुणी ओळखीचं दिसतंय का बघत होतो. तो म्हातारा अर्थात नव्हता, तो एव्हाना गेला असेल. त्याला मी चुकीचं उत्तर दिलं होतं. सातबाऱ्याला 'इतर अधिकार' नावाचा रकाना आहे. रूढीने चालत आलेला हक्क तिथे लिहिता येतो, फेरफार करून घ्यावा लागतो एवढंच. २००६ च्या वनहक्क कायद्याने गावाला आपलं जंगल सामूहिक हक्कात मागण्याचीही सोय केली आहे. म्हणजे देवाला रकाना होता. मला माहीत होता आणि मी तो सांगितला नाही, कारण संध्याकाळची एसटी चुकली असती.

सिंहस्थाच्या कामात एवढी माणसं नेमताय, तर पेठ, सुरगाणा, त्र्यंबक आणि इगतपुरीतल्या देवरायांच्या नोंदींसाठी एक मोजणीदार द्या. पगार नको. मी रोज सकाळी सहाला तपोवनात असतो. माझ्या उस्तादांची जुनी साखळी घरी आहे, तेराव्या आण्याची कडी जरा वाकली आहे, पण माप बरोबर देते.

आपला,
एक निवृत्त सर्व्हेअर
पंचवटी, नाशिक